रोमेलची नर्स

धुवायला आलेल्या चादरींना एक आंबूस, कोंदट वास असतो; लंडनमधल्या हाउन्सलोच्या एका वृद्धांच्या केअर होमच्या लॉन्ड्रीत तो सकाळच्या फिकट उन्हात मिसळून सर्वांगाला चिकटे. त्याची मला कधी किळस आली नाही. आठवीत शाळा सुटलेल्या बाईला परदेशात काम मिळालं याचंच अप्रूप इतकं, की ते कुणी काढून तर घेणार नाही ना, या धास्तीत मी दिसेल त्याला थँक्यू म्हणत असे.

रोमेल तिथेच केअरर होता, म्हाताऱ्यांची देखभाल करायचा. मनिलात त्याने पुष्कळ सिनेमे लिहिले होते. सेटवर दिवे लागेपर्यंत कागद गुडघ्यावर ठेवून नटांना संवाद लिहून द्यायचे, अशी तिथली रीत. इथे तो माझ्याबरोबर चादरींच्या घड्या घालताना कथा रचायचा. दोन टोकं त्याच्या हातात, दोन माझ्या, पात्रांचे आवाज काढत तो प्रसंग बोलून दाखवी, आणि बोलणं संपण्याआधी घडी झाली, तर म्हणे, "लांबलं, आते." त्यांच्यात थोरल्या बहिणीला आते म्हणतात.

त्याच्या कथेतली फिलिपिनो नर्स शेवटी मेट्रनला, म्हणजे मुख्य नर्सला, ठणकावते, "मी इथे पाहुणी नाही, काम करते." मी दचकलेच. "अरे, असं बोलतात का?"

"तू बोलत नाहीस ना," तो हसला, "म्हणून ती बोलते."

लंडनच्या एका तरुण दिग्दर्शकाला ती कथा आवडली. करारात लिहिलं होतं, हवे ते बदल तो करणार. रोमेल घुटमळला, थोरली म्हणून मला विचारायला आला. मी म्हणाले, "सही कर बाबा. आपल्याला विचारलं, हेच खूप."

पुढच्या शरदात आम्ही दोघं तो सिनेमा पाहायला गेलो. लेखक म्हणून दिग्दर्शकाचंच नाव. रोमेलचं नाव शेवटच्या आभारांच्या गर्दीत. आणि ती नर्स मेट्रनचे हात धरून रडत होती, थँक्यू म्हणत होती. तो मधाळ उजेड, ते व्हायोलिन, तिचं ते ओशाळं, लाचार हसू... मला शिसारी आली; कारण ते हसू माझंच होतं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या.

बसमध्ये रोमेलने हळूच विचारलं, "कशी वाटली, आते?"

"घाणेरडी," मी म्हणाले, इतक्या मोठ्यांदा की पुढची बाई वळून पाहू लागली. रोमेल हसला, मग त्याने खिडकीकडे तोंड वळवलं. ती बाई अजून बघतच होती. कृतज्ञता कुठे संपते आणि भय कुठे सुरू होतं, मला आजही नीट सांगता येत नाही. पण त्या बाईला म्हणायचं सॉरी ओठांवर आलं होतं, आणि मी ते म्हटलं नाही.