हळदीकुंकवात रशियन बूट

'मुलांकडे कोणीतरी बघायला हवं' हे जगातलं सगळ्यात सभ्य दिसणारं खोटं आहे. कॅनडात मिल्टनला दादाच्या बेसमेंटमध्ये दर संक्रांतीला हळदीकुंकू होतं, आणि दर वर्षी आई वरच्या मजल्यावर 'मुलांकडे बघत' बसते. मुलं बारा आणि चौदा वर्षांची आहेत. आईचा फोन बिघडला की तीच तिच्याकडे बघतात. खरं कारण एवढंच की बाबा नाहीत, आणि सवाष्णींच्या घोळक्यात विधवा बाईला कुंकू लावायचं की नाही, हे कोणाला ठरवायचं नाही. मग पाठवा तिला वर. हसतमुखाने, हातात चिवड्याची वाटी देऊन.

गेल्या वर्षी मी भर हळदीकुंकवात उभी राहून यावर भाषण ठोकलं. मोर्च्यांची पत्रकं लिहून लिहून माझी जीभच तशी झालीय. आई माझ्याशी दोन महिने बोलली नाही. "माझी जाहिरात केलीस," म्हणाली.

या वर्षी मी डोकं चालवलं. आजच्या एका रशियन लेखिकेच्या गोष्टी मी इंग्रजीतून वाचत होते. त्यात नुसत्या बायका, रांगा, ओले कोट आणि कोबी. कोणी घोषणा देत नाही, तरी वाचून डोकं फिरतं. एका गोष्टीत विधवा सासू आणि दोन सुना दोन खोल्यांत राहतात आणि तिघींत मिळून बर्फात घालण्याजोगे बूट एकच जोड. सासू कायम घरात, कारण 'सुपाकडे कोणीतरी बघायला हवं.' मी खुर्चीतून उठलेच. ही बाई मिल्टनला येऊन गेली की काय!

मी ती गोष्ट मराठीत आणली, प्रिंट काढून स्टेपल मारले आणि वहिनीला सांगितलं, यंदाचं वाण माझ्याकडून.

"गोष्ट चालेल," वहिनी म्हणाली. "भाषण नाही. शपथ घे."

घेतली.

साडीखाली थर्मल आणि पायांत लोकरी मोजे घालून पंधरा बायका जमल्या. वाण हातात पडताच एकीने ते उलटंसुलटं केलं. "अगं, हे काय? डबा कुठाय?"

"वाचायचंय," मी म्हटलं.

"आत्ता?"

शेवटी मीच मोठ्याने वाचायला लागले. एका दुपारी सासू ते बूट घालते, सूप चुलीवर सोडून बाहेर पडते, आणि भर बर्फात उभी राहून आइसक्रीम खाते. परत येते तर सूप करपलेलं.

"इतक्यात नाही करपत!" छतातून आवाज आला.

सगळ्यांच्या माना वर. हीटिंगच्या जाळीतून आई बोलत होती. म्हणजे इतकी वर्षं आमचं हळदीकुंकू तिला वर शब्द न् शब्द ऐकू जात होतं.

"आच मोठी ठेवली असेल तिने," जाळी म्हणाली.

"मुद्दाम ठेवली, काकू!" एकजण खालून ओरडली. "माझ्या सासूबाईंनी असंच तीन दिवस दूध उतू घालवलं."

"मग?"

"मग काय, चौथ्या दिवसापासून मी तापवते."

चर्चा सुपावर घसरली होती. मी आवाज चढवून शेवट वाचला, "'तिने बूट काढले आणि शतकानुशतकांच्या शोषक व्यवस्थेला लाथ मारली!'"

"हे तू घातलंस," जाळी म्हणाली.

"आई, भाषांतर करताना थोडं स्वातंत्र्य..."

"बूट काढून लाथ? अनवाणी? खरं काय लिहिलंय ते वाच."

पंधरा बायका माझ्याकडे बघत होत्या. मी फोनवर इंग्रजी पान उघडलं आणि तिथल्या तिथे मराठीत सांगितलं. आइसक्रीमने तिचे दात ठणकत होते. तिने ते कोणाला सांगितलं नाही. सुनांनी करपलेलं सूप न बोलता संपवलं.

कोपऱ्यातला हीटिंगचा फर्नेस घरघरत सुरू झाला.

मग घोळक्यातल्या नागपूरच्या थोरल्या काकूंनी मान चोळली. "अहो ताई, खाली या ना जी! वर बघून बघून माझी मान गेली."

"मुलांकडे कोण बघणार?"

"आजी, वी आर फाइन!" वरून दोन आवाज आले. "प्लीज गो!"

आई स्वेटरवर, हातात चिवड्याची वाटी तशीच घेऊन जिना उतरली. पायथ्याशी वहिनी कुंकवाचा करंडा घेऊन उभी होती. तिचा हात करंड्यावर थबकला. माझ्या तोंडात अख्खं भाषण तयार होतं, तीन मुद्द्यांचं. मी त्यावर तिळाचा लाडू कोंबला. कडक होता, देवाची कृपा.

"आई, लावू?" वहिनीने विचारलं.

एवढंच. इतक्या वर्षांत हे तिला कोणी विचारलं नव्हतं. गेल्या वर्षी तिच्या वतीने पंधरा मिनिटं ओरडणाऱ्या मीसुद्धा नाही.

"लाव. पण पटकन. दुसऱ्या दिवशी बूट कोणी घातले, ते मला विचारायचंय."

कुंकू जरा तिरकं लागलं. आई काकूंशेजारी बसली आणि तिने हात पुढे केला. "माझं वाण?"

मी माझी गोष्ट दिली. तिने परत केली.

"ही ऐकली. डबा नाही?"

वहिनी माझी नजर चुकवत जिन्याखाली वाकली. तिथे सोळा डबे रचलेले होते. आईने निळ्या झाकणाचा उचलला, झाकण घट्ट बसतं का ते तीनदा उघडून पाहिलं, आणि उरलेला चिवडा त्यात ओतला.