नथीला ‘नाकातलं’ म्हणणाऱ्या मनकर्णाबाई

माझ्या सासूबाई, मनकर्णाबाई, नथीला नथ म्हणत नाहीत. ‘नाकातलं’ म्हणतात. लग्नानंतर पहिल्यांदा त्यांच्यासोबत अकोटला सराफाकडे गेले तेव्हा त्यांनी नुसतंच “नाकातलं दाखवा” म्हटलं. त्या बिचाऱ्याने होत्या नव्हत्या तेवढ्या सगळ्या चमक्या काढून मांडल्या, नथ तेवढी राहिली. मी मदत करायला तोंड उघडलं, तर सासूबाईंनी माझ्याकडे असं पाहिलं की मी ते परत मिटलं.

कारण साधं होतं. माझ्या सासऱ्यांचं नाव नत्थुजी. नवऱ्याचं नाव तर घ्यायचं नाहीच, पण त्याच्यासारखा कानाला लागणारा शब्दही तोंडातून काढायचा नाही, असा त्यांचा नियम. शेजारचे पंढरीनाथ त्यांच्यासाठी नुसते पंढरी. नणंदेची मुलगी पहिलीत होती तेव्हा तिच्या पुस्तकात ‘अनाथ’ शब्द आला, तो सासूबाईंनी वाचून दाखवताना खोकून पार केला. बरं, नियम नवऱ्यापाशी थांबत नाही. सासऱ्यांच्या वडलांचं नाव बुधाजी, म्हणून हिवरखेडच्या आमच्या घरात बुधवार येतच नाही. मंगळवार संपला की ‘मंगळवारचा दुसरा दिवस’ येतो. एकदा दवाखान्यातून तारीख द्यायला फोन आला. तिकडची मुलगी “म्हणजे बुधवार ना?” विचारत होती आणि ह्या “थोच, थोच” म्हणत होत्या.

मी वलगावला राहते आणि तिथल्या शाळेत विज्ञान शिकवते. असल्या गोष्टी मला फार वेळ सोसत नाहीत. माझ्या नवऱ्याचं नाव गजेंद्र, आणि मी त्याला लग्नाच्या पहिल्या आठवड्यापासून गजेंद्र अशीच हाक मारते. पहिल्यांदा ती ऐकली तेव्हा सासूबाई चुलीपासून उठून आल्या. “जोसना, हळू तरी बोल,” म्हणाल्या. माझं नाव ज्योत्स्ना. नावाचा अर्थ चांदणं आहे, हे मी त्यांना सांगितलं होतं. अर्थ त्यांना आवडला, उच्चार त्यांनी स्वतःच्या सोयीने ठेवला.

नत्थू हे नाव कुठून आलं, तेही मला त्यांनीच सांगितलं, अर्थात नाव न घेता. बुधाजींची आधीची तीन पोरं पाळण्यातच गेली. चौथा झाला तेव्हा त्याच्या आजीने त्याचं नाक टोचून त्यात तार घातली. मुलगी आहे असं वाटावं आणि कोणाची नजर पडू नये. नाकात नथ म्हणून नत्थू. ते भोक माझ्या सासऱ्यांच्या, म्हणजे बाबांच्या, नाकपुडीवर अजून दिसतं.

“त्याच्याचपायी जगले हे,” सासूबाई म्हणाल्या.

“नशिबाने जगले, आई. भोकाने कोणी जगत नाही,” मी म्हणाले. त्या दिवशी माझ्या चहात साखर नव्हती.

वर्षभरापासून बाबा विसरायला लागलेत. आधी चष्मा, मग शेताची वाट, मग जेवलो की नाही ते. गावात लहानथोर सगळे त्यांना आबा म्हणतात. त्यांना नत्थू म्हणणारं आता कोणी उरलेलं नाही.

यंदा राष्ट्रसंतांच्या पुण्यतिथीच्या दिवसांत आम्ही चौघे गुरुकुंज मोझरीला गेलो. बाबांचीच इच्छा होती. गर्दी पाहून मी सासूबाईंना बजावलं होतं, बाबांचा हात सोडू नका. त्यांनी सोडला तो फक्त चपलेत पाय घालायला. वर पाहतात तर बाबा नाहीत. दुपारचे तीन वाजले होते. बाबांकडे फोन नाही, खिशात पत्त्याची चिठ्ठी नाही, आणि जवळच हायवे. गजेंद्र तसाच हायवेकडे धावला. मी सासूबाईंना घेऊन भोंग्यावरून पुकारा करतात त्या मंडपात गेले.

तिथे प्राजक्ता नावाची एक कॉलेजातली स्वयंसेविका माइकपाशी बसली होती. मी नाव सांगितलं, तिने पुकारलं. नत्थुजी बुधाजी ताथोड, हिवरखेड, असाल तिथून मंडपात या. तीनदा पुकारून झालं. अर्धा तास गेला तरी कोणी आलं नाही. गजेंद्रचा फोन आला, हायवेवर दिसत नाहीत.

“आजी, तुम्हीच बोला,” प्राजक्ता म्हणाली. “आजोबा तुमचा आवाज ओळखतील.”

सासूबाईंनी माइक हातात घेतला. “अवो, आयकून राहिले का? मी इथं हाय. या बरं इकडं.”

दहा मिनिटांत चार म्हातारे आले. चौघांनाही आपापल्या बायकांनी बोलावलं असं वाटलं होतं. त्यातल्या एकाने सासूबाईंना नीट न्याहाळलं, “आमची अशीच बोलते,” म्हणाला आणि आता आलोच आहे तर म्हणून खुर्चीवर बसून राहिला. प्राजक्ताला हसू आवरेना. मला मात्र रडू फुटायच्या बेतात होतं, आणि तसं झालं की मी चिडते.

“आई, बास झालं आता. एक नाव तर आहे. घ्या आणि मोकळ्या व्हा.”

त्या चिडल्या नाहीत. माइकवर हात ठेवून हळूच म्हणाल्या, “नाव घेतलं का त्याईचं आयुष्य कमी होते, जोसना. बावन्न वर्षं जपलं म्या.”

मी त्याला लाज समजत होते. अडाणीपणा समजत होते. घरी येणाऱ्या प्रत्येक मैत्रिणीला ‘नाकातलं’ आणि ‘मंगळवारचा दुसरा दिवस’ हे किस्से रंगवून सांगत होते. बावन्न वर्षं ही बाई नवऱ्याची राखण करत होती आणि मी हसत होते. मला माझीच फार लाज वाटली.

सासूबाईंनी पदर डोक्यावर सारखा केला. माइक तोंडाजवळ धरला आणि डोळे मिटले.

“नत्थुजी,” त्या म्हणाल्या. आवाज फाटला. मग एका दमात, सासऱ्यासकट, “नत्थुजी बुधाजी ताथोड. घरी चला.”

बाबा पाचच मिनिटांत आले, मागच्या जेवणाच्या मांडवातून. तिथे ते दुसऱ्यांदा पंगतीला बसले होते. हात अजून ओला होता.

“कोनं घेतलं माह्यं नाव?”

“मी घेतलं.”

बाबा त्यांच्याकडे वळले. “तुयाच आवाज व्हता. मले वाटलं, मी गेलो.”

सासूबाई त्या म्हाताऱ्याच्या शेजारच्या खुर्चीत बसल्या आणि खूप रडल्या. प्राजक्ताने पाणी आणलं. गजेंद्र आला आणि बापाला एवढा रागावला की शेवटी त्यालाच पाणी द्यावं लागलं.

वलगावला परतताना गाडीत बाबा पुढे गजेंद्रशेजारी बसले, आम्ही दोघी मागे. नांदगाव पेठ मागे पडलं. मग सासूबाई माझ्या कानाशी आल्या.

“तू तं सायन्स शिकवतं. एकडाव घेतल्यानं किती कमी होत असन?”

दुसऱ्या कोणत्याही दिवशी मी त्यांना तासभर ऐकवलं असतं.

“पाच मिनिटं,” मी म्हणाले.

“पक्कं?”

“पक्कं.”

त्यांनी मनातल्या मनात हिशेब केला असावा, कारण त्या जरा सैल होऊन बसल्या. बाबा झोपलेत असं आम्हाला वाटत होतं. ते मान न वळवता बोलले, “पाचच मिन्टं ना? मंग घे अजून एकडाव. आयकाले बरं वाटलं.”

“नाई घेत,” सासूबाई म्हणाल्या. “थे पाच मिन्टं मले पायजे.”