आखूड वळचण

परवा नातवाचे खोडरबर हातात आले आणि त्या वासाने कोकणातल्या वालावल गावचे दिवस आठवले. साठ सालच्या सुमारास मी पुस्तके वाचून घरांचे नकाशे काढायला शिकलो होतो. मामांच्या घराचा नकाशा मीच काढला.

घर बांधणारे भिकू मेस्त्री मी सांगितलेल्या मापाने छप्पर घालताना म्हणाले, "वळचण आखूड झाली रे. हयसर पावस आडवो येता. पुस्तकवालो भिजाक येतलो काय?"

मी ऐकले नाही. श्रावणात मातीची भिंत भिजून कोसळली. मामा संतापले, तेव्हा मी म्हणालो, "मेस्त्रीन नकाश्यापरमाण केल्यान नाय."

नकाशा वाचता येणारा मी एकटाच, म्हणून सगळ्यांना ते पटले. मेस्त्रींना पुढे गावात कोणी काम दिले नाही.

आता ते नाहीत, मीही थकलो. मेस्त्रींनी ती वळचण माझ्या रेषेपेक्षा बोटभरही कमी केली नव्हती.