वजीर मिस्त्रीच्या फळीवरचा पिस्टन

पूर्णगडच्या जेटीवरून गावात पायऱ्यांची पाखाडी चढते, तिच्या तिसऱ्या वळणावर वजीर मिस्त्रीची शेड. जांभ्याच्या तीन भिंती, वर पत्रे, चौथी बाजू खाडीकडं उघडी. आत शिरलं की समोरच फणसाची लांब फळी आणि फळीवर ओळीनं मांडलेले मेलेले पिस्टन. कुणाचा माथा जळालेला, कुणाची कड तुटलेली, कुणाच्या अंगावर मांजरानं ओरबाडल्यासारखे चरे. प्रत्येकाखाली रंगानं लिहिलेलं. 'कासम, तेल घातलं नाय.' 'हरिश्चंद्र, शेजाऱ्याचं ऐकून उघडलं.' 'भिवा, पाणी आटलं, बघितलं नाय.'

हा वजीरचा कायदा. ज्याच्या चुकीनं होडीचं इंजन मेलं, त्यानं स्वतःच्या हातानं नाव आणि गुन्हा लिहायचा. त्याशिवाय मिस्त्री नटाला पाना लावणार नाही. गावच्या सरपंचालासुद्धा सुटका नव्हती. लिहिता येत नव्हतं त्यानं लेकाला आणलं, पण लिहिलं. एकतीस वर्षांत त्या फळीवर वजीरचं नाव तेवढं चढलं नव्हतं, आणि ही गोष्ट तो आलेल्या माणसाला चहा संपायच्या आत सांगायचाच.

सांगायचा त्याला हक्क होता म्हणा. आंब्याच्या लाकडाची वीतभर काठी होती त्याच्याकडं. तिचं एक टोक चालत्या इंजनाला टेकवायचं, दुसरं दाढेत धरायचं आणि डोळे मिटायचे. "रिंग गेली," म्हणायचा. किंवा, "रिंग नाय, तुजी अक्कल गेली, डिझेलात पाणी हाय." उघडून बघावं तर तसंच निघायचं. कान थोडे मंदावले होते त्याचे, पण दाढ शाबूत होती.

त्याचा जिवाभावाचा माणूस भिवा. भिवाची छोटी होडी, तिच्यात शेतातल्या पंपाचं असतं तसलं एक सिलिंडरचं डिझेल इंजन. दोघं एका वयाचे, साठीला टेकलेले. रोज संध्याकाळी शेडीत बसून एकमेकांना शिव्या घालायच्या, हा त्यांचा नेम.

तर त्या वर्षी, म्हणजे दोन हजार आठ साली, खाडीच्या तोंडाशी वाळूचा दांडा फार वर आला. सुकतीला, म्हणजे ओहोटीला, ढोपरभर पाणी राहायचं. होडी तरायची, पण खालचा पंखा वाळूत घुसायचा. भिवा पहाटे बांगडे घेऊन यायचा आणि भरतीची वाट बघत दांड्याबाहेर लोळत पडायचा. पूर्वी खाली उतरून ढकलायचा, आता गुडघे बोलत होते. इकडं त्याची बायको सत्यवती टोपली घेऊन जेटीवर उभी, आणि लांज्याची सातची एसटी निघून जायची. नऊच्या गाडीनं जाऊन उपयोग नाही. तोवर लांज्याच्या बायांनी मासळी घेऊन चुलीवर चढवलेली असते.

एके दिवशी भिवा शेडीत येऊन बसला आणि शिवी न देता गप्प राहिला. वजीरनं पाना खाली ठेवला.

"काय रं, कोन मेला?"

"कोन नाय. अंजनवेलला गॅसच्या कारखान्याकडं वॉचमन पायजेल हाय. भाच्यानं सांगितलंय. दिवाळीला हो-नाय कळवायचं."

"आन होडी?"

"इकतो."

"तू वॉचमन? चोर आला तर तू त्याला बसायला पाट देशील."

भिवा हसला नाही. तेव्हा वजीरला कळलं की हे खरं आहे. पुढं तो फक्त एवढंच बोलला, "दिवाळीला अवकाश हाय. तवर तुजी होडी सुकतीला आत आणून दाखवतंय. नाय आणली तर जा आन फाटकात उभा ऱ्हा."

म्हणून तर बसला, पण कसं आणणार ते त्याला ठाऊक नव्हतं. होडीच्या मागं बाहेरून टांगायची, पंखा वर उचलता येणारी मशीन घ्यावी तर ती रॉकेल पिते, भिवाच्या खिशाला झेपणारी नव्हे.

ईदला जावई आला. फुजैल. वजीरच्या रुबिनाचा नवरा, कुवेतला अमेरिकन लष्कराच्या तळाशेजारी धुलाईखान्यात कामाला. शिरखुर्मा झाल्यावर त्यानं खिशातून इंग्रजी पेपरचं एक कात्रण काढलं. त्यात एक विमान होतं, पण दोन्ही पंखांच्या टोकांना हे एवढाले पंखे, आणि ते आकाशाकडं तोंड करून उभे.

"अब्बा, ह्ये मी सोता बघितलंय. हेलिकॉप्टरसारखं जाग्यावरनं उभं उठतं. वर गेलं का ही टोकाची इंजनं हळूहळू म्होरं वळतात, आन मग इमानासारखं सुसाट."

"इंजन वळतं? का नुसता पंखा?"

"अख्खं इंजन. पंख्यासकट. आन एक इंजन बंद पडलं तरी पडत नाय, मधून दांडा जातो, उरलेलं इंजन दोनी पंखे फिरवतं."

वजीरनं कात्रण हातात घेतलं ते सोडलंच नाही. रहिमा, त्याची बायको, दोनदा जेवायला हाक मारून गेली. तिसऱ्यांदा म्हणाली, "त्या कागदालाच वाडू का?"

दुसऱ्या दिवसापासून शेडीत ठोकाठोक. वजीरनं जाड लोखंडी पत्रा घेतला, त्याला दाराला असतात तशा दणकट बिजागऱ्या मारल्या आणि भिवाचं इंजन त्यावर बसवलं. होडीच्या मागच्या फळीला खाच पाडून पंख्याचा दांडा त्या खाचेतून बाहेर काढला. दोरी ओढली की इंजन नाक खाली घालायचं आणि मागचा पंखा वर उचलायचं. भिवा बघत होता.

"वजीरभाय, ह्ये म्हंजे म्हशीला शेपटीकडनं उचलल्यावानी दिसतंय."

"अमेरिकेनं उचललीय. तू गप."

फुजैल चाचणी बघायला थांबू शकला नाही, त्याची रजा संपली. चाचणी ठरली दसऱ्याला. भिवानं इंजनाला कुंकू लावलं, झेंडूची माळ घातली, वजीरच्या हातावर आपट्याचं पान ठेवलं. सकाळी दहाची सुकती. जेटीवर अर्धा गाव. कुणीतरी ढोलसुद्धा आणला.

होडी वाळूच्या दांड्याजवळ आली, वजीरनं दोरी ओढली. इंजनानं मान खाली घातली, पंखा वर आला, जेमतेम पाण्यात फिरत राहिला, आणि होडी वाळूवरून बदकासारखी आत आली. ढोल वाजला. सत्यवतीनं पदर तोंडाला लावला. इथं थांबायला हवं होतं. पण जेटीवरून सरपंच ओरडला, "मिस्त्री, परत एकदा," आणि वजीर पाघळला. इंजन तसंच वाकडं ठेवून त्यानं होडी वळवली. एक फेरी झाली, दुसरी झाली. तिसऱ्या फेरीत तो उभा राहून लोकांना हात करत होता. आंब्याची काठी खिशातच होती.

इंजनाचा आवाज जड झाला, तो भिवाला ऐकू आला. "वजीरभाय, ह्ये कायतरी बोलतंय."

"बोलू दे. खूश झालंय."

मग एक ठणका, आणि सगळं गप्प. ढोलही थांबला. धूर काढणारं इंजन, गळ्यात माळ, आणि साठीचे दोघं बाप्ये वल्ही मारत परत.

शेडीत इंजन उघडलं. पिस्टन लायनरला, म्हणजे भोवतीच्या नळीला, घट्ट धरून बसलेला, ठोकून काढावा लागला. अंगावर इतके चरे की फळीवरच्या सगळ्या भावंडांत तो उठून दिसावा. भिवानं रंगाचा डबा उचलला.

"माजं नाव लिवतो. इंजन माजं."

"ठेव तो. अजून कारण ठरलं नाय."

दोन दिवस कारण ठरत होतं. पहिल्या दिवशी तेल कमी होतं. भिवानं सांगितलं, तेल तूच घातलंस. मग बेअरिंग हलकं निघालं. मग म्हणे सगळा दोष जावयाचा, त्यानं कात्रण आणलं नसतं तर. रहिमा चहा घेऊन आली, कपबशी ठेवली, आणि बशीशेजारी रंगाचा ब्रश ठेवून निघून गेली.

तिसऱ्या दिवशी वजीरनं शेडीचं दार म्हणून जे फाटकं तरट होतं ते खाली सोडलं आणि इंजन पुन्हा पहिल्यापासून बघितलं. तेल बघितलं. भरपूर होतं, खुणेपर्यंत. मग त्यानं पिस्टनच्या दांडीचं खालचं टोक बघितलं. तिथं एक छोटा चमचा असतो. दर फेरीला तो खाली तेलात बुडतो आणि तेल वर उडवतो, त्या शिंतोड्यांवर पिस्टन जगतो. चमचा कोरडा ठणठणीत, जळून निळा पडलेला. वजीरनं एका ताटलीत तेल ओतलं आणि ताटली तिरकी केली. तेल सगळं एका कडेला. मधोमध बोट टेकवलं, बोट कोरडं.

त्यानं ताटली पुसली. मग वरच्या टेलिफोन बूथवर जाऊन कुवेतला फोन लावला.

"फुजैल, त्या इमानाचं तेल कुटं जातं?"

"आँ?"

"इंजन उभं ऱ्हातं तवा तेल कुटं आन आडवं झालं का कुटं? तुज्या तिथल्या मिस्त्रीला इचार. खुशाली मागनं."

फुजैलनं दुसऱ्या दिवशी बूथवरच उलटा फोन केला. तळावरच्या मोटारखान्यात कामाला असलेल्या एका केरळी मिस्त्रीला विचारलं होतं. "अब्बा, त्यात पिस्टनच नाय. वर-खाली काय जात नाय, सगळं गोल फिरतं. आन तेलाला पंप हाय, उभं-आडवं कसं पन केलं तरी तेल ढकलतो."

"पिस्टन नाय," वजीर म्हणाला. "आदी सांगितलं असतंस तर."

"तुमी इचारलं कुटं?"

हे खरंच होतं. वजीरनं फोन ठेवला, बूथवाल्याकडं बघून उगाच हसला आणि पाखाडी उतरताना एकदम थांबला. फुजैलचं दुसरं बोलणं आठवलं. मधून जाणारा दांडा. इंजनाला वाकवायचं कशाला? त्याला सुखानं सरळ बसू दे. वाकायचं तर दांड्यानं वाकावं.

लांज्याला भंगारवाला शिवा होता. त्याच्याकडं मोडक्या जीपचा ढीग. जीपच्या पोटाखाली लांब दांडा असतो, त्याला मध्ये क्रॉस असतो, म्हणजे दोन कड्या एकमेकींत अशा अडकवलेल्या की दांडा फिरता फिरता वाकतो. वजीरनं तीन क्रॉस दाढेत काठी धरून हलवून बघितले.

"मिस्त्री, ह्ये इंजन नव्हं, बोलणार काय?" शिवानं विचारलं.

"बोलतंय. दोन झिजलेले हायत. ह्यो तिसरा दे."

रत्नागिरीहून नवा पिस्टन आणि लायनर आला. इंजन पहिल्यासारखं होडीच्या पोटात सपाट बसलं. क्रॉस आला मागच्या खाचेजवळ, आणि दोरी आता फक्त बाहेरचा दांडा उचलत होती. या वेळी ढोल नव्हता, गावाला सांगितलंही नव्हतं. दिवाळीच्या आधीचा सोमवार, सकाळी साडेसहाची सुकती. होडीत दोघंच आणि दोन टोपल्या बांगडे. भिवानं दोरी ओढली. दांडा वाकला, पंखा वर आला. वजीरच्या काठीचं एक टोक इंजनाला आणि दुसरं दाढेत, डोळे मिटलेले. जेटीला लागेपर्यंत त्यानं ते उघडले नाहीत.

"काय म्हणतंय?" भिवानं विचारलं.

"म्हणतंय, वॉचमनला सांग, दोरी इतकी ताणू नको."

सत्यवतीनं टोपली डोक्यावर घेतली आणि पाखाडी अशी चढली की खालून बघणाऱ्याला तिचं वय कळू नये. एसटीचा कंडक्टर घंटी मारतच होता. "आज लवकर, वैनी?" तो म्हणाला. "आज न्हवं, रोज," ती म्हणाली आणि टोपली सीटखाली सरकवली.

भिवानं भाच्याला 'नाय' असं कळवून टाकलं. भाच्यानं दोन दिवस तोंड फुगवलं, मग फुकटचे बांगडे खाऊन विसरला.

त्या सोमवारी संध्याकाळी भिवा शेडीत आला तेव्हा फळीवरचे सगळे पिस्टन चार-चार बोटं उजवीकडं सरकले होते. डाव्या टोकाला, आत शिरताना पहिला डोळ्यांत भरावा अशा जागी, चरे पडलेला तो. खाली ठळक अक्षरांत लिहिलं होतं, 'वजीर, इंजन वाकडं केलं, लोकांनी वाहवा केली म्हणून तसंच ठेवलं.'

भिवानं सावकाश वाचलं. "लय मोटं लिवलंस. माजं बारीक हाय."

"तुजा गुन्हा बारीक होता."

त्यानंतर एक गंमत झाली. पूर्वी लोक फळीसमोर उभं राहून अर्धा तास कारणं सांगायचे. आता पहिला पिस्टन वाचायचे आणि मुकाट्यानं ब्रश मागायचे. कात्रण वजीरनं शेजारीच डकवलं होतं. कुणी विचारलं, हे काय, तर तो म्हणायचा, "अमेरिकेचं इमान. चांगलं हाय. पिस्टन नाय बिचाऱ्याला."