आवाज करत येणारा

उसाच्या कडेला आला की तो आधी खाकरायचा, मग मोबाइलवर गाणं मोठ्यानं लावायचा आणि त्याच्याही वर ओरडायचा, "आलो रं आलो! वाट सोडा, राव!" हे बिबट्याला. तुम्ही जुन्नरकडचे असाल तर हसणार नाही. आमच्याकडे तिन्हीसांजेला उसाजवळून मुकाट्यानं कुणी जात नाही. पण बिबट्याला 'राव' म्हणणारा मी तेवढा एकच पाहिला.

पाण्याच्या मोटारी दुरुस्त करायचा तो. नारायणगावात त्याचा गाळा होता, पण सापडायचा कुणाच्या तरी विहिरीवर. जळकी मोटर उघडली की आधी वास घ्यायचा आणि मालकाकडे डॉक्टरसारखं बघायचा. "लई सोसलं हो हिनं. तुमी इचारलंच न्हाई."

माझी बायको वारली त्यानंतरच्या उन्हाळ्यात माझी मोटर जळाली. ती त्यानं नीट केली आणि पुढं काही बिघडलेलं नसतानाही येत राहिला. चहा प्यायचा, टोमॅटोची झाडं बांधू लागायचा. एकदा सुतळी देता देता त्यानं माझा हात धरला. मी सोडवला नाही. पन्नाशीला टेकलेला माणूस मी. छाती इतकी धडधडली की वाटलं, बांधापलीकडं भावाला ऐकू जाईल. बायकोपासून जे शेवटपर्यंत लपवलं, ते ह्याला न सांगता कळलं होतं.

ती धडधड मग गेलीच नाही. तो शेजारी बसलेला असतानाही माझा एक कान दाराकडे असायचा.

एके सकाळी भाऊ बांधावर येऊन उभा राहिला. "तो मिस्त्री रोज कशाला येतो रं? त्याची बायको का निघून गेली, ठाव हाय का? त्याच्याकडचं समदं आंबेगाव सांगतंय. तुझी पोर सासरी नांदतीय, जरा इचार कर."

मला तर त्यानं लग्नच झालं नाही म्हणून सांगितलं होतं. विचारलं, तेव्हा त्यानं हातातला पाना खाली ठेवला.

"तुला खोटं बोललो. तिला मातुर खरं सांगितलं व्हतं, म्हणून तर ती गेली. दुसरं घर केलं तिनं, सुखात हाय. तिनं नाय कुठं बोभाटा केला. माझ्याच भावानं केला."

तिला त्यानं सांगितलं होतं. मी माझ्या बायकोला कधीच नाही. लाज वाटायला हवी होती. वाटली ती नुसती भीती. म्हणालो, "यापुढं येताना आवाज करू नको."

तो हसला. "माणसांना कळलं तर तू मरतोस, बिबट्याला नाय कळलं तर मी. बरं. गप येतो."

दुसऱ्या दिवशी सांजेला मी ओट्यावर वाट बघत होतो. गाणं नाही, खाकरणं नाही. ऐकू आली ती एकदम किंकाळीच. उसात पिलं घेऊन बसलेल्या मादीला तो अगदी जवळ येईपर्यंत कळलाच नव्हता.

आरडाओरडा झाला, ती पळाली. त्याचा खांदा फाटला होता. माणसं जमली. "तू तर बेंडबाजा लावून फिरतोस मर्दा, आजच गप कसा?" कुणीतरी विचारलं.

"बॅटरी उतरली व्हती," तो म्हणाला.

तेवढ्यात त्याच्या खिशातला मोबाइल खणखणीत वाजला. त्या गडबडीत कुणाच्या ध्यानात आलं नाही. भाऊ माझ्याकडे वळला. "तुझ्याकडं येत व्हता का?"

"नाही. मी बोलावलंच नव्हतं."

त्यानं पडल्या पडल्या ऐकलं. डोळे मिटून घेतले. जीपमध्ये घालून त्याला मंचरच्या दवाखान्यात नेलं. जीपमध्ये जागा होती. मी चढलो नाही.

जगला तो. गाळा बंद आहे. वर डोंगरात बहिणीकडे असतो म्हणतात. माझा फोन उचलत नाही.

आता सांजेला उसाजवळून जाताना मी गाणं लावत नाही. त्याचं नाव घेतो, मोठ्यानं, घर येईपर्यंत. आवाज कापतो. वाटेवरची माणसं म्हणतात, बिबट्याला लई भितो बिचारा. भावाला मात्र कळतं. तो दार लावून घेतो. मग मी आवाज चढवतो.