जावयाच्या डोक्यावरचे केस

हे मी सुलभालाही सांगितलेलं नाही. सुलभा म्हणजे माझी बायको. छत्तीस वर्षांचा संसार, माझं पोट बिघडलं तरी माझ्या आधी तिला कळतं — आणि तिच्यापासूनसुद्धा हे मी सांभाळून ठेवलंय. मग तुम्हाला का सांगतोय? तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून. दुसरं काही कारण नाही, उगाच मोठं काही समजू नका.

आधी मी कोण ते सांगतो. फोर्टातल्या एका विमा कंपनीत मी चौतीस वर्षं काढली, त्यातली बरीचशी दाव्यांच्या टेबलावर. माणूस गेला की घरचे कागद घेऊन यायचे आणि मी त्याने पॉलिसी घेताना भरलेला फॉर्म बाहेर काढायचो. मधुमेह — नाही. रक्तदाब — नाही. आणि हॉस्पिटलच्या कागदांत पाच-पाच वर्षांच्या गोळ्या. ते दिसलं की मी शेरा मारायचो, ‘माहिती दडवली.’ बायका समोर बसून रडायच्या. साहेब, फॉर्म एजंटने भरला हो, ह्यांनी नुसती सही केली. मी म्हणायचो, बाई, सही कोणाची आहे ते बोला. ऑफिसात माझा दरारा होता. मला त्याचा अभिमान होता — अजूनही थोडा आहे, आता खोटं कशाला बोलू?

आणि दुसरं म्हणजे माझे केस. हसू नका. आज चौसष्टाव्या वर्षीही माझ्या डोक्यावर दाट केस आहेत. आमच्या घराण्यात टक्कल नाही, आजोबांना नव्हतं, वडिलांना नव्हतं. गिरगावात आमच्या चाळीत लोक म्हणायचे, ह्यांच्या घरची माणसं म्हातारी होतच नाहीत. मला ते ऐकायला आवडायचं. माणसाने कशाचा तोरा मिरवावा याला काही धरबंध आहे का?

तर गौरीने, आमच्या मुलीने, लग्न ठरवलं ते सिद्धेशशी. लालबागचा मुलगा. वडील गिरणीत होते, ते लवकर गेले, आईने शिवणकाम करून याला इंजिनियर केलं. मेट्रोच्या बोगद्याच्या कामावर साइट इंजिनियर. जमिनीखाली जायचा रोज, आणि वर आला की त्याबद्दल बोलताना थांबायचा नाही — आज अमुक मीटर पुढे गेलो, आज खडक लागला, काका, तुमच्या गिरगावाखालून चाललोय आम्ही. गुणी मुलगा. वय एकोणतीस. आणि पुढचं डोकं जवळजवळ मोकळं.

साखरपुड्याला माझा थोरला भाऊ माझ्या कानाशी येऊन म्हणाला, “मुलगा बरा आहे रे. जरा पोक्त वाटतो एवढंच.” तो पुढे गेला, जेवला, विसरूनही गेला असेल. माझ्या मात्र ते डोक्यात बसलं. साखरपुड्याचे फोटो आले तेव्हा मी गौरीला बघत नव्हतो, स्वतःला बघत नव्हतो. मी त्याच्या कपाळावर पडलेला हॉलचा दिवा बघत होतो.

मी त्याला थेट काही बोललो नाही. मी कधीच कोणाला थेट काही बोलत नाही, ही आमच्याकडची पद्धत आहे. वर्तमानपत्रातली केस लावायच्या ऑपरेशनची जाहिरात कापून ठेवली, तो घरी आला की टेबलावर दिसेल अशी. “हल्ली काय काय निघालंय बघा,” असं सुलभाला म्हणालो, त्याला ऐकू जाईल असं. गौरीला कळलं. ती भडकली — “बाबा, मला तो आहे तसाच आवडतो, तुमचं काय जातंय?” मी म्हणालो, अगं, नुसतं विचारून येऊ, विचारायला काय हरकत आहे. आणि सिद्धेश म्हणाला, जाऊ या ना काका. वडील नसलेला मुलगा तो. मला खूश ठेवायचं होतं त्याला.

दादरच्या त्या क्लिनिकमधल्या डॉक्टरीणबाई चांगल्या होत्या. हे मी मुद्दाम सांगतोय, कारण पुढे घरात त्यांना बरेच शिव्याशाप मिळाले. त्यांनी अर्धा-पाऊण तास त्याचं डोकं तपासलं. मागचे केस किती दाट आहेत, गळणं थांबलंय की चालू आहे, वडिलांचं टक्कल कुठपर्यंत गेलं होतं, सगळं विचारलं. म्हणाल्या, हे सगळ्यांना करता येत नाही, मी अर्ध्या लोकांना परत पाठवते. मग मला म्हणाल्या, जरा बाहेर बसता का. मी उठलो, पण सावकाश उठलो, म्हणून त्यांचा प्रश्न ऐकू आला — “हे तुम्हाला हवंय, की घरच्यांना?”

तो म्हणाला, “मलाच हवंय.”

ते ऐकून मला काय वाटलं सांगू? बरं वाटलं. माझ्यावरची जबाबदारी गेली असं वाटलं. तारीख ठरली, श्रावणातली. लग्न वैशाखात, म्हणजे तोवर केस नीट येतील असा हिशोब डॉक्टरीणबाईंनीच सांगितला होता.

आदल्या दिवशी त्याच्या आईचा फोन आला. मी आजवर तो फोन किती वेळा ऐकलाय म्हणून सांगू — बसल्या बसल्या, जेवताना, देवळात. बाई एरवी माझ्याशी जपून, शुद्ध बोलायच्या. त्या दिवशी घाईत होत्या. म्हणाल्या, “भाऊ, तेवढा डॉक्टरांका सांगा हां. त्येच्या कानाची गोष्ट. तो सांगूचो नाय.” मग त्यांनी सगळं सांगितलं. सिद्धेश कॉलेजात असताना ढोल पथकात होता. पाडव्याच्या शोभायात्रेत फेटा बांधून सगळी पोरं वरच्या कानात भिकबाळी घालतात, तशी घालायला त्यानेही कान टोचून घेतला. टोचल्या जागी गाठ आली. ती कापली, तर दुप्पट झाली. मग वर्षभर इंजेक्शनं घेऊन ती कशीबशी बसली. “त्येच्या कातडीचा तसाच हा,” त्या म्हणाल्या. “जखम भरता, पण वण वाढत ऱ्हवता.”

मी म्हणालो, सांगतो ना. निर्धास्त राहा.

बघा, इथपर्यंत तरी मी खोटा नव्हतो. सांगणार होतो. निदान सांगणार नाही असं ठरवलेलं नव्हतं — की होतं? मला आता नक्की सांगता येत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी क्लिनिकमध्ये त्याला फोटो काढायला आत नेलं. काउंटरवरच्या मुलीने फॉर्म पुढे केला, पेशंटबरोबर कोण आहे, एवढं भरून ठेवता का. मी हसलो. म्हटलं, पोरी, माझं आयुष्य गेलं यात. चष्मा लावला. नाव, वय, पत्ता. मधुमेह, नाही. रक्तदाब, नाही. रक्त पातळ करायच्या गोळ्या, नाही. आणि मग तो प्रश्न होता. आधीच्या एखाद्या जखमेचा किंवा ऑपरेशनचा वण जाड होऊन फुगला आहे का?

थोडा वेळ मी थांबलो. तुम्ही म्हणाल, काकांना वाटलं असेल की कान वेगळा, डोकं वेगळं. किंवा एवढं काही होत नसेल. असं म्हणायची सोय आहे खरी, आणि मी स्वतःला पुष्कळदा तसं म्हणून बघितलंय. पण नाही हो. तो प्रश्न फॉर्मवर का छापतात ते माझ्याइतकं कोणाला कळणार? ‘हो’वर खूण केली तर बाई ऑपरेशन थांबवणार, मुलाला परत पाठवणार, आणि वैशाखात माझ्या भावाच्या, माझ्या चाळीच्या, माझ्या ऑफिसच्या लोकांसमोर हॉलचा दिवा पुन्हा त्याच्या कपाळावर पडणार — एवढंच माझ्या मनात होतं. दुसरं काही नव्हतं. त्या मुलाचं डोकं, त्याची कातडी, त्यातलं काहीच नव्हतं.

मी ‘नाही’वर खूण केली.

सिद्धेश बाहेर आला. डोक्यावर मार्करने रेघा काढलेल्या, जरा घाबरलेला होता. मी फॉर्म पुढे केला. त्याने विचारलं, “सगळं बघितलंत ना काका?” मी म्हणालो, बघितलं की. त्याने न वाचता सही केली. आत डॉक्टरीणबाईंनी विचारलं, यातलं सगळं बरोबर आहे ना, आणि तो म्हणाला, हो.

डोक्याच्या मागून, या कानापासून त्या कानापर्यंत, कातडीची बारीक पट्टी काढतात, जखम शिवतात आणि त्या पट्टीतले केस एकेक करून पुढे लावतात. पुढचं उत्तम झालं. डॉक्टरीणबाईंच्या हाताला गुण होता. पण दिवाळीच्या सुमारास मागची ती शिवण जाड व्हायला लागली. मार्गशीर्षापर्यंत ती अंगठ्याएवढी झाली होती, लाल, कडक, या टोकापासून त्या टोकापर्यंत. खाज सुटायची. उशीला लागली तर कळ डोळ्यांपर्यंत जायची म्हणे. आणि साइटवर हेल्मेट सक्तीचं, ते नेमकं तिथेच टेकायचं. महिनाभर त्याने खाली रुमालाच्या घड्या घालून बघितलं. मग अर्ज दिला आणि वर ऑफिसात नकाशांच्या कामावर आला. बोगद्याबद्दल तो आता बोलत नाही. त्याच्याबरोबरचे लोक खालून गिरगाव ओलांडून गेले तेव्हा हा टेबलाशी होता.

त्या मार्गशीर्षात मी आणि सुलभा लालबागला त्यांच्या घरी गेलो होतो. गौरीही होती. सिद्धेश पलंगाच्या कडेला बसला होता, भिंतीला टेकायचं नाही म्हणून. क्लिनिकमधून तो फॉर्मची झेरॉक्स घेऊन आला होता, कारण डॉक्टरीणबाईंनी वण बघितल्या बघितल्या तो फॉर्म काढून दाखवला होता. तुम्ही ‘नाही’ लिहिलंयत, म्हणाल्या होत्या. कागद सगळ्यांच्या हातून फिरला. नुसत्या खुणा होत्या त्यावर, आणि वर जे काही लिहिलं होतं ते इंग्रजी मोठ्या अक्षरांत. अक्षर कोणाचं हे कळायला काही मार्ग नव्हता. आणि खाली सही.

त्याची आई चहा घेऊन आली. मला कप दिला आणि समोर उभी राहिली. “भाऊ, तुम्ही होतात ना तिथे? मी आदल्या दिवशी फोन करून कानाचं सांगितलं होतं तुम्हाला.”

तुम्हाला खरं सांगतो, मी तोंड उघडलं होतं. काय बोलणार होतो मला माहीत नाही. पण माझ्याआधी सिद्धेश बोलला. “काका फोनवर बोलायला बाहेर गेले होते, आई. फॉर्म मीच भरला.”

तो हे बोलला तेव्हा माझ्याकडे बघत होता. रागाने नाही. नुसता बघत होता. काउंटरवर पेन कोणाच्या हातात होतं हे त्याला पक्कं आठवत होतं, आणि आईने आदल्या दिवशी मला फोन केला होता हे त्याच्या आईने आत्ताच, माझ्यादेखत त्याला सांगितलं होतं. दोन आणि दोन चार त्याने तिथेच केले होते. सासरा होणाऱ्या माणसाची लाज राखायची म्हणून तो मुलगा ते स्वतःवर घेत होता. आणि मी काय केलं? मी म्हणालो, “हो, मी जरा बाहेरच होतो. तोवर फॉर्म आत गेला होता, मग सांगायचं राहूनच गेलं.”

त्याची आई त्याच्याकडे वळली. “तुका सांगलेलं मा मी?” म्हणाली, आणि नको नको ते बोलली. निष्काळजी, आईचं न ऐकणारा, हौशीपायी शरीराची नासाडी करणारा. बोलता बोलता रडायला लागली. तो मान खाली घालून ऐकत राहिला आणि मी चहा प्यायलो. पूर्ण प्यायलो. कप बशीत ठेवताना आवाज होऊ नये याची मी काळजी घेतली, हेही मला आठवतंय.

वैशाखात लग्न झालं. फोटोंत जावई राजबिंडा दिसतो. भाऊ म्हणाला, वा, काय बदल आहे. सगळे फोटो समोरून आहेत.

त्याला तीन वर्षं झाली. वणात अजून इंजेक्शनं देतात. तो आमच्याकडे जेवायला येतो, मला बाबा म्हणतो, माझ्या डोळ्यांच्या ऑपरेशनला रजा काढून बसला होता. एकदाही — एकट्यात सापडलो तेव्हाही — तो त्या दिवसाबद्दल बोलला नाही. मीही नाही. बोललो असतो तर त्याच्या आईला कळलं असतं, गौरीला कळलं असतं. त्याच्या वेदनेपेक्षा मला ते जड वाटत होतं. अजूनही वाटतं.

गौरीच्या तोंडी आता तो किस्सा झालाय. पाहुणे आले की सांगते, एवढे बोगदे खणणारा माणूस, आणि याला स्वतःचा फॉर्म धड भरता आला नाही. सगळे हसतात. पहिला सिद्धेशच हसतो. परवा दसऱ्याला माझ्या भावासमोर ती पुन्हा ते सांगत होती, आणि शेवटी म्हणाली, “बाबांनी भरला असता ना, तर असं झालंच नसतं.”

सिद्धेश माझ्या पानात श्रीखंड वाढत होता. वाढता वाढता थांबला नाही.

मी म्हणालो, “खरंय.”