धायटी यादीत नव्हती

"सर, तो लोकल नेमचा कॉलम उडवा," आमचे साहेब फोनवर म्हणाले. "एका झाडाला चार-चार नावं. क्लायंट गोंधळतो."

साहेब वयाने माझ्या विद्यार्थ्यासारखे. मी कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवून निवृत्त झालो. बायको गेली. कामतघरच्या खोलीत शेजारच्या पॉवरलूमचा खडखडाट ऐकत बसण्यापेक्षा बरं, म्हणून या कन्सल्टन्सीत सर्व्हेचं काम धरलं. गोडाऊन बांधायला जी झाडंझुडपं काढणार, त्यांची यादी मी करायची. ती ग्रामपंचायतीच्या बोर्डावर लागते. कुणाची हरकत असेल तर पंधरा दिवसांत लेखी द्यायची.

या वेळची जागा पडघ्याच्या आतल्या अंगाला, विरळ रानाचा उतार. सगळीकडे धायटीची झुडपं, लाल फुलांनी भरलेली. पाच दिवस तिथे हिंडलो. बोलायला माणूस एकच, भीमाबाई. ती फुलं खुडायची आणि वाळवून आयुर्वेदिक आसव-अरिष्टं करणाऱ्या व्यापाऱ्याला द्यायची. तिला शेत नाही. उन्हाळा त्या फुलांवर निघायचा.

"मास्तर, याचं नाव काय लिवता?" तिने पहिल्याच दिवशी विचारलं.

"वुडफोर्डिया. एका इंग्रजाच्या नावावरून ठेवलंय."

"तो हितं आलता?"

"आला नसावा."

"मंग त्याचं कशाला? धायटी हाय ती."

मी वर्गातल्यासारखं समजावलं. शास्त्रात झाडाला दोन शब्दांचं नाव असतं. पहिला शब्द आडनावासारखा, घराण्याचा. काही घराण्यांत शेकडो जाती असतात. धायटीच्या घराण्यात दोनच. एक ही, आणि दुसरी पार आफ्रिकेकडे, समुद्रापल्याड.

"म्हंजे एकलीच म्हना की," भीमाबाई म्हणाली आणि खुडायला लागली.

मला तिच्याशी बोलायला आवडायचं, हे सरळच सांगतो. घरी परतल्यावर कुणाशी शब्द होत नसे. कधीकधी मुद्दाम दुकानात जाऊन काडेपेटी घ्यायचो.

तर साहेबांचा फोन. मी म्हटलं, "साहेब, गावातल्या लोकांना कळणार कसं?"

"रिपोर्ट ऑफिसला जातोय सर, गावाला नाही. संध्याकाळपर्यंत मेल करा."

मी वाद घातला नाही. काम गेलं असतं तर पुन्हा ती खोली. मी कॉलम उडवला आणि मेल केली. तीच यादी बोर्डावर लागली.

पंधरा दिवसांत एकही हरकत आली नाही. साहेब खूश. महिन्याभराने हद्दीच्या खुणा तपासायला मला पुन्हा साइटवर पाठवलं. जेसीबीने उतार सपाट केला होता. लाल माती नुसती. भीमाबाई कडेला दगडावर बसली होती.

"भीमाबाई, हरकत का नाही दिलीत?" माझा आवाज जरा चढलाच. खरं तर मला तिच्यावर चिडायचं काहीच कारण नव्हतं.

"देनार व्हते की. सरपंचबाईंकडून दोनदा यादी वाचून घेतली. त्या म्हनल्या, सगळी इंग्रजी नावं हायत, धायटी कुठंच न्हाय. मला वाटलं, मास्तरांनी आपली झुडपं वाचवली. मी घरी जाऊन निवांत ऱ्हायले."

मी तिला खरं काय ते सांगितलं. वुडफोर्डिया यादीत तिसऱ्या नंबरवर होती, हेही सांगितलं. तिने ऐकून घेतलं. भांडली असती तर मला बरं वाटलं असतं. "असू दे," म्हणाली आणि पदर झटकून गावाकडे चालू लागली. त्यानंतर ती मला भेटलेली नाही. दोनदा गावात जाऊन विचारलं. माळ्याचं काम मिळालं म्हणून बहिणीकडे गणेशपुरीला गेली, एवढं कळलं.

आता यादी साहेबांना हवी तशी पाठवतो, पण मराठी नावांची एक प्रत स्वतः पंचायतीत नेऊन लावतो. साहेबांना ते माहीत आहे. अजून मला कामावरून काढलेलं नाही.

शास्त्रीय नाव जगभर एकच असतं, म्हणून ते बिनचूक, असं मी आयुष्यभर वर्गात शिकवलं. ते खरंच आहे. फक्त हरकत घेणारी माणसं जगभर नसतात, पडघ्यालाच असतात.